कोळसा खाणकामगार आणि गावाची जबाबदारी



चंद्रपूर, वणी, उमरेड आणि कामठी या परिसरातील कोळशावर राज्यातील अनेक वीजकेंद्रे चालतात. यातील बहुतांश कोळसा आज उघड्या खाणींतून काढला जातो. तथापि भूमिगत खाणीत उतरणारा कामगार अद्याप इतिहासजमा झालेला नाही.

त्याची पाळी आठ तासांची. बत्तीघरातून टोपीचा दिवा घेऊन तो खाली जातो. छताला आधार म्हणून कोळशाचेच खांब राखून मधल्या वाटा कोरावयाच्या, ही तेथील रूढ पद्धत. सुरुंग उडाल्यानंतर प्रथम छताची परीक्षा होते. सळईने ठोकले असता घट्ट छत खणखणते, सुटलेले छत पोकळ आवाज देते. त्या आवाजाच्या पारखीवर संपूर्ण टोळीचे प्राण अवलंबून असतात. मिथेन वायू आणि जुन्या खाणींत साठलेले पाणी ही आणखी दोन संकटे होत. धनबादजवळील चासनाला येथे २७ डिसेंबर १९७५ रोजी खाणीत पाणी शिरून ३७५ जण मृत्युमुखी पडले.

अपघाताची वार्ता देशभर पोहोचते. धुळीने होणारी हानी मात्र घरातच राहते. कोळशाची सूक्ष्म धूळ वर्षानुवर्षे फुप्फुसांत साठून न्यूमोकोनिओसिस हा विकार जडतो. खोकला येतो, चालताना दम लागतो. पुष्कळदा ही लक्षणे निवृत्तीनंतर, कामगार गावी परतल्यावर प्रकट होतात आणि त्यांना क्षय समजले जाते. निकामी झालेले फुप्फुस पूर्ववत होत नाही. म्हणूनच खाणीत पाण्याचे फवारे मारून धूळ दाबणे आणि कामगारांची नियतकालिक वैद्यकीय तपासणी करणे यांचे महत्त्व मोठे आहे.

१९५२च्या खाण अधिनियमाने अशा रोग्याची माहिती मुख्य निरीक्षकांना कळविण्याचे कर्तव्य वैद्यांवर सोपविले होते. रोगी पूर्वी खाणीत काम केलेला असला तरी ते लागू होते. १९२३च्या नुकसानभरपाई कायद्यातील व्यावसायिक रोगांच्या यादीतही या विकाराचा समावेश झाला. परंतु रोग्याचा पूर्वीचा व्यवसाय वैद्यांना कळलाच नाही, तर तरतूद कागदावरच राहते.

येथे गावाचे कार्य सुरू होते. पंचायत सदस्यांनी गावातील आजी-माजी खाणकामगारांची यादी ठेवावी. कंत्राटी कामगारांना त्यातून वगळू नये. नोकरीची व तपासणीची कागदपत्रे जपून ठेवण्यास शिक्षकांनी कुटुंबांना सांगावे. आरोग्य केंद्रात जाताना ‘हे खाणीत होते’ एवढे आवर्जून सांगितले जावे. त्या एका वाक्याने योग्य निदानाची आणि हक्काच्या भरपाईची वाट मोकळी होऊ शकते.