रणांगणावरचा कॅमेरा

दुसऱ्या महायुद्धात अनेक कॅमेरामनच्या हाती आयमो कॅमेरा असे, चावी भरून चालणारा. 35 मिलिमीटरचं शंभर फुटी रीळ मिनिटभरात संपायचं. मग तोफा धडधडत असतानाच आडोशाला, सावलीत नवं रीळ भरायचं. काय टिपायचं आणि काय सोडायचं, हे त्या क्षणीच ठरवावं लागे. केवढी जोखीम!

याच युद्धाच्या काळात आपल्या मुंबईत 1943 साली ‘इन्फर्मेशन फिल्म्स ऑफ इंडिया’ ही सरकारी चित्रपटसंस्था सुरू झाली, एझरा मीर यांच्या नेतृत्वाखाली. तिचे युद्धपट चित्रपटगृहांत सक्तीने दाखवत. 1946 मध्ये ती बंद पडली. त्यामुळे स्वातंत्र्याच्या दिवशी सरकारकडे स्वतःची वार्तापट संस्थाच नव्हती. मला याची फार हळहळ वाटते. सरकारची फिल्म्स डिव्हिजन आली 1948 मध्ये. तिच्यासाठीच माहितीपटकार सुखदेव यांनी बांगलादेशच्या मुक्तिलढ्यावर 1972 मध्ये ‘नाइन मन्थ्स टू फ्रीडम’ हा माहितीपट केला. तो जरूर पाहा.