टाकळा खुडताना पान ओळखा



मृगाचा पाऊस पडून आठ-दहा दिवस झाले की माळावर, बांधावर, वाटेच्या कडेला टाकळ्याची रोपे गर्दीने वर येतात. कोकणात आणि घाटावर याला टाकळा म्हणतात, विदर्भात तरोटा. कांदा-मिरची, भिजवलेली डाळ आणि वर ओले खोबरे घालून केलेली ही भाजी पावसाळ्याच्या तोंडाशी घरोघर होते. फुकटची भाजी, आणि चवीलाही चांगली. तेव्हा ती खाऊ नका असे सांगायला मी आलेलो नाही. टाकळ्याच्या शेजारीच त्याचा एक भाऊबंद उगवतो, त्याच्याशी गल्लत होऊ नये, एवढेच आज सांगायचे आहे.

त्याचे नाव कासविंदा. आता पंचाईत अशी, की काही ठिकाणी याच कासविंद्याला 'रानटाकळा' म्हणतात! नाव ऐकून कोणीही फसेल. म्हणून नावावर जाऊ नका, पानावर जा.

टाकळ्याचे एक पूर्ण पान हातात घ्या. एका देठावर लहान पानांच्या तीन जोड्या दिसतील. प्रत्येक लहान पान टोकाकडे रुंद आणि गोलसर असते. आता खालच्या जोडीच्या बेचक्यात नीट पाहा. तिथे बारीक काडीच्या टोकासारखी नारिंगी गाठ असते. ही खूण पक्की.

कासविंद्याच्या एका देठावर लहान पानांच्या चार-पाच जोड्या असतात आणि पानांची टोके अणकुचीदार. बेचक्यात गाठ नसते. ती असते देठाच्या अगदी बुडाशी, खोडाला लागून, फुगीर आणि काळपट. कोवळ्या रोपाला जोड्या कमी असू शकतात, म्हणून नुसत्या मोजणीवर विसंबू नका. टोक आणि गाठ, दोन्ही पाहा. वासावरही जाऊ नका. चुरगळल्यावर कासविंद्याला घाण वास येतो हे खरे, पण टाकळाही काही मोगरा नव्हे.

शेंगा धरल्यावर मात्र लांबूनही ओळख पटते. टाकळ्याची शेंग बारीक, वीतभर लांब, विळ्यासारखी वाकलेली. कासविंद्याची चपटी, बोटापेक्षा थोडी लांब, मध्ये तपकिरी आणि दोन्ही कडांना फिकट.

एवढी चिकित्सा कशासाठी, असे कोणी विचारील. उत्तर प्रदेशाच्या पश्चिम भागात दर हिवाळ्याच्या सुमाराला लहान मुले अचानक बेशुद्ध पडून दगावत होती. बरीच वर्षे तो मेंदूचा तापच समजला गेला. 2007 साली डॉक्टरांनी शोध प्रसिद्ध केला, की मुलांनी खेळता खेळता कासविंद्याच्या शेंगांतले दाणे खाल्ले होते. त्या विषाने यकृत, स्नायू आणि मेंदू तिन्ही बिघडतात. जनावरांचेही तेच. चाऱ्यात किंवा भरड्यात हे दाणे गेले तर जनावराचे मागचे पाय लुळे पडतात, ते बसते आणि उठत नाही. वैद्य मंडळी कासविंदा औषधात वापरतात, पण ते मोजून-मापून, त्यांच्या हाताने.

तेव्हा शाळा, अंगणवाडी आणि गोठा यांच्या आसपासचा कासविंदा शेंगा धरायच्या आत, जमीन ओली असताना मुळासकट उपटून टाका. शेंगा वाळून फुटल्या की पुढच्या वर्षी दुप्पट काम. उपटताना टाकळा ठेवा, तो आपल्या कामाचा आहे.

कंद खणणाऱ्यांसाठीही एक गोष्ट सांगतो. कुंपणावर चढणारी, लाल-पिवळ्या ज्वाळेसारखी फुले येणारी कळलावी तुम्ही पाहिली असेल. फूल असताना कोणी चुकत नाही. चूक होते ती वेल वाळल्यावर, नुसता कंद हाती लागला की. रताळे किंवा करांदा समजून तो खाल्ला तर उलट्या-जुलाब होऊन जीव जाऊ शकतो, आणि हे विष शिजवून जात नाही. वेल हिरवी असतानाच पान पाहून ठेवा. कळलावीच्या पानाचे टोक तारेसारखे गुंडाळलेले असते, त्यानेच ती आधाराला धरून चढते. करांद्याचे पान हृदयाच्या आकाराचे, देठापासून टोकापर्यंत कमानीसारख्या शिरा असलेले. करांद्याच्या वेलीला आताच एखादी चिंधी बांधून ठेवलीत तर हिवाळ्यात खणताना शंका राहणार नाही. कळलावी बांधावर असली तर असू द्या, औषधासाठी खणून खणून ती कमी होत चालली आहे. फक्त पोरांना कंद दाखवून सांगून ठेवा.

इतके करूनही कोणाच्या पोटात चुकून काही गेले, तर मिठाचे पाणी पाजून उलटी काढायच्या खटपटीत वेळ घालवू नका. माणसाला लगेच दवाखान्यात न्या, आणि जाताना त्या झाडाची पानाफळासकट फांदी, कंद असेल तर उरलेला कंद, पिशवीत घालून बरोबर घ्या. डॉक्टरांनी काय खाल्ले असे विचारले तर 'रानटाकळा' असे नाव सांगून भागणार नाही, फांदीच दाखवा.