तो शाहीर खरा होता का?

(पेण व रोहा येथील महिला गटांच्या एकत्रित मेळाव्यात, रोहा येथे केलेले भाषण)



गेल्या महिन्यात पेणला गणपतीच्या कारखान्यांत रंगकाम करणाऱ्या आपल्या मैत्रिणींबरोबर आपण चैतन्य ताम्हाणे यांचा 'कोर्ट' पाहिला. संपल्यावर एकीने विचारलं, "ताई, तो शाहीर खरा की नट?" मी घाईत "नट" म्हटलं. आज नीट सांगते.

शाहीर नारायण कांबळेचं काम करणारे वीरा साथीदार नागपूरचे. आंबेडकरी चळवळीतले कार्यकर्ते, 'विद्रोही'चे संपादक. अभिनय हा त्यांचा पेशा नव्हता. २०१४ साली व्हेनिसच्या महोत्सवात 'कोर्ट'ला पारितोषिक मिळालं, पुढे सर्वोत्कृष्ट चित्रपटाचं राष्ट्रीय पारितोषिकही. तरी वीरांचं नाव घरोघरी गेलं नाही. त्यांची ओळख कार्यकर्ता हीच राहिली. एप्रिल २०२१ मध्ये कोरोनाने ते गेले.

आता त्या चित्रपटातली विधवा आठवा. तिचा नवरा गटारात उतरून साफसफाई करणारा. तो मरतो, आणि शाहिराच्या गाण्यामुळे त्याने आत्महत्या केली असा आरोप ठेवला जातो. ती साक्षीत सांगते, तो दारू पिऊन उतरायचा, कारण वास सहन होत नसे. आरोपीचा वकील तिला गाडीतून सोडतो, पैसे देऊ करतो. ती म्हणते, पैसे नकोत, काम असेल तर सांगा. गाण्यावर एवढा खल झाला. ही बाई आता जगणार कशी, हे कोर्टात कुणी विचारलं नाही.

पडद्याबाहेर काय झालं? मे २०२५ मध्ये नागपुरात वीरांच्या स्मृतिसभेत फैज यांचं 'हम देखेंगे' गायलं गेलं. त्यावरून पोलिसांनी गुन्हा नोंदवला. भारतीय न्याय संहितेचं कलम १५२ लावलं, म्हणजे देशाचं सार्वभौमत्व आणि एकात्मता धोक्यात आणल्याचा आरोप. त्यात वीरांच्या पत्नी पुष्पाताईंचंही नाव आहे. वीरांवरचा खटला सिनेमातला होता. पुष्पाताईंवरचा गुन्हा खरा आहे.

आपल्या कलापथकातली एक मैत्रीण परवा म्हणाली, "मी गाईन, पण उद्या पोलिसांनी बोलावलं तर पोरांना कोण बघेल?" तिला भित्री म्हणू नका. तिने आपल्याला कामच नेमून दिलंय. आजवर आपण "घाबरू नकोस" एवढंच सांगत आलो.

म्हणून आज उठण्यापूर्वी प्रत्येक गटाने चार नावं लिहून द्यावीत. चौकीवर सोबत जाणाऱ्या दोघी, पोरांना जेवू घालणारी एक, आणि वकिलाला गाठणारी एक. बुडालेल्या रोजासाठी दर महिन्याला थोडे पैसेही बाजूला ठेवूया.

ती नावं आली की मग पुढच्या कार्यक्रमाची गाणी ठरवू.