बडतर्फी आणि न्यायासन

लाच घेतल्यावरून एखादा फौजदार बडतर्फ झाल्याची बातमी वाचून आपण समाधान पावतो. वर्षा-दोन वर्षांनी तोच गृहस्थ न्यायालयाचा हुकूम घेऊन पुन्हा वर्दी चढवतो, तेव्हा आपला सारा संताप न्यायाधीशांवर होतो. मला वाटते, हा संताप बहुधा भलत्याच दारी जातो.

राज्यघटनेचे ३११ वे कलम सांगते की, ज्याने नेमणूक केली त्याच्याहून खालच्या अधिकाऱ्याने नोकराला बडतर्फ करू नये. आणि आरोप कळवून, बाजू मांडण्याची वाजवी संधी देऊन चौकशी केल्यावाचून ही शिक्षा होऊ नये. याला अपवाद आहेत, पण ते मोजके. वर्गात शाई सांडली असता ज्याच्या हाताला डाग दिसतो त्याला लगेच उभे करण्याचा मोह आम्हां शिक्षकांनाही होतो. मग दरारा हाच ज्यांचा धर्म त्या खात्याची गोष्ट काय सांगावी!

उत्तर प्रदेशातील एक प्रकरण पाहा. १९५३ साली एका फौजदाराने वाटेत एका माणसाची झडती घेतली, त्याच्याजवळच्या नोटा मोजल्या व परत दिल्या. घरी जाऊन पाहतो तो अडीचशे रुपये कमी! तक्रार झाली, खातेचौकशी झाली, फौजदार बडतर्फ झाला. परंतु त्या प्रांताच्या पोलीस नियमांत असे होते की, दखलपात्र गुन्ह्याचा आरोप असेल तर प्रथम फौजदारी कायद्याच्या रीतीने तपास व्हावा. तो झालाच नव्हता. अलाहाबादच्या उच्च न्यायालयाने बडतर्फी रद्द केली आणि १९६० साली सर्वोच्च न्यायालयानेही सरकारचे अपील फेटाळले. सरकारने केलेला नियम सरकारलाही बांधतो, असा त्याचा अर्थ. निर्णय एकमताचा मात्र नव्हता: न्यायमूर्ती मुधोळकर बहुमताच्या बाजूस होते, तर न्यायमूर्ती गजेंद्रगडकर न्यायमूर्ती वांछू यांच्यासह भिन्नमताचे. दोघे मराठी विधिज्ञ एकाच न्यायासनावर बसून परस्परविरुद्ध मते देतात, यावरून प्रश्न किती नाजूक होता हे कळते.

ज्याचे अडीचशे रुपये गेले त्याचे काय, असे आपण विचाराल. प्रश्न रास्त आहे. त्याला न्याय मिळाला नाही हे खरे; पण तो कोणी हिरावला? नियमांचे पुस्तक हाताशी असून ते न उघडणाऱ्या वरिष्ठांनी, असेच मी म्हणेन.

न्यायालय पोलिसांना नेहमीच सोडवते, हा समजही खोटा आहे. आंध्र प्रदेशातील एका फौजदाराची बडतर्फी उच्च न्यायालयाने रद्द केली होती. १९६३ साली सर्वोच्च न्यायालयाने ती पुन्हा कायम केली. खातेचौकशी म्हणजे फौजदारी खटला नव्हे, तेथे संशयातीत पुरावा लागत नाही, आणि उच्च न्यायालय हे चौकशीवरचे अपील न्यायालय नव्हे, असे तेथे स्पष्ट झाले. चौकशी रीतसर आणि निष्कर्षाला काही पुरावा असला, म्हणजे तो पुरावा पुरेसा होता की नाही हे न्यायालय पुन्हा तोलीत बसत नाही.

मात्र पुरावाच नसेल तर? दिल्लीच्या एका शिपायावर मजुरांच्या मजुरीतील काही पैसे ठेवून घेतल्याचा आरोप होता. ज्या मजुरांची तक्रार, तेच चौकशीत साक्षीला आले नाहीत. म्हणजे उलटतपासणीची संधी राहिली नाही. तरी शिपाई बडतर्फ झाला. १९९८ साली सर्वोच्च न्यायालयाने ती बडतर्फी रद्द केली. तत्पूर्वी १९९० मध्ये पंजाबच्या एका हेडकॉन्स्टेबलचा निकाल झाला होता. त्याची चौकशी करणे शक्य नाही, असा शेरा मारून त्याला चौकशीवाचून काढले होते. चौकशी का शक्य नाही याला कागदावर आधार हवा, अधिकाऱ्याचा नुसता शब्द पुरत नाही, असे सांगून न्यायालयाने तोही हुकूम रद्द केला.

अशा वेळी जिंकलेला शिपाई चोर होता की वरिष्ठांच्या मर्जीतून उतरलेला सज्जन, हे त्या निकालावरून कोणालाच सांगता येत नाही. ते सांगण्याचे काम चौकशीचे होते, आणि ती तर धडपणे झालीच नव्हती.