मायट्रल झडपेचे मोजमाप आणि आपला इको विभाग
(संस्थेच्या वार्षिक सर्वसाधारण सभेत केलेले भाषण)



हिशेबपत्रके आपल्या हाती आहेत. ती आम्ही पुन्हा वाचून दाखवीत नाही. मात्र इको विभागावरील खर्चाबाबत काही सभासदांनी रास्त विचारणा केली आहे. यंत्र एकदा घेतले, मग तंत्रज्ञ, देखभालीचा करार आणि त्याच त्या रुग्णांच्या पुन्हा पुन्हा तपासण्या यांवर दरवर्षी खर्च कशासाठी? आम्ही वाणिज्य शाखेचे पदवीधर. वैद्यकावर बोलण्याचा आमचा अधिकार नाही. परंतु हा खर्च मंजुरीसाठी आपल्यापुढे ठेवणारे आम्हीच असल्याने तो समजून घेणे कर्तव्यच होते. डॉक्टर मंडळींकडून जे उमगले ते एका आजाराच्या उदाहरणाने मांडतो.

हृदयाच्या डाव्या बाजूस दोन कप्प्यांमध्ये मायट्रल नावाची झडप असते. लहानपणी घसा दुखतो, दोन-तीन आठवड्यांनी सांधे सुजतात, ताप येतो आणि जातो. घरातले विसरून जातात. हा संधिवाताचा ताप काही मुलांच्या झडपेला इजा करून जातो आणि पुढे वर्षानुवर्षे ती झडप जाड होत, कडांना चिकटत, अरुंद होते. यालाच मायट्रल स्टेनोसिस म्हणतात. पाश्चात्त्य देशांत तो उतारवयाकडे झुकताना दिसे. आपल्याकडे विशीच्या आतही तीव्र स्वरूपात आढळतो, हे डॉ. रॉय व त्यांच्या सहकाऱ्यांनी १९६३ साली ‘लॅन्सेट’ या नियतकालिकात जगापुढे मांडले. हा आजार स्त्रियांत अधिक आढळतो.

झडप किती अरुंद झाली, हे कसे मोजावयाचे? येथे आपल्याला कोल्हापूर पद्धतीचा बंधारा आठवावा. सर्व बरगे काढले तर पाणी संथ वाहते. दोनच बरगे काढले तर त्या फटीतून पाणी जोराने उसळते, अलीकडची पातळी चढते आणि मागे फुगवटा येतो. अरुंद झडपेचे तसेच आहे. फुगवटा येतो तो फुप्फुसांत, म्हणून रुग्णाला जिना चढताना धाप लागते आणि रात्री आडवे झोपवत नाही. ही उपमा आमची असली तरी विचार नवा नाही. १९५१ साली अमेरिकेत रिचर्ड गॉर्लिन या डॉक्टरांनी आपल्या अभियंता वडिलांच्या साहाय्याने झडपेचे क्षेत्रफळ काढण्याचे सूत्र प्रसिद्ध केले, तेव्हा त्यांनी जलशास्त्राचाच आधार घेतला होता. पण त्या सूत्रासाठी रक्तवाहिनीतून हृदयापर्यंत नळी घालावी लागे.

नळीशिवाय हृदय पाहण्याची सुरुवात १९५३ साली स्वीडनमधील लुंड येथे एडलर व हर्ट्झ यांनी ध्वनिलहरींच्या साहाय्याने केली, आणि त्यांचे लक्ष्य मायट्रल झडपच होती. पुढे डॉप्लर तत्त्वाची जोड मिळाली. जवळ येणाऱ्या गाडीची शिट्टी तीव्र व दूर जाणाऱ्या गाडीची खालच्या सुरात ऐकू येते, हे तत्त्व ख्रिश्चन डॉप्लर यांनी १८४२ साली मांडले होते. रक्तपेशींवरून परतणाऱ्या ध्वनिलहरींतील असाच फरक पाहून यंत्र रक्ताचा वेग सांगते. वेगाचा वर्ग करून त्यास ४ ने गुणले की झडपेच्या दोन बाजूंच्या दाबांतील फरक मिळतो. वेग सेकंदाला २ मीटर असेल तर त्या क्षणी फरक १६ मिलिमीटर पारा. फट लहान असेल तर दोन्ही बाजूंच्या पातळ्या सारख्या व्हायला वेळ लागतो. नॉर्वेतील लिव हॅटल व त्यांच्या सहकाऱ्यांनी १९७९ साली हाच वेळ मापनास घेतला. दाबातील फरक निम्मा होण्यास लागणाऱ्या मिलिसेकंदांनी २२० ला भागावे, म्हणजे झडपेचे क्षेत्रफळ चौरस सेंटिमीटरमध्ये येते. निरोगी झडप ४ ते ६ चौरस सेंटिमीटर उघडते. दीड किंवा त्याहून कमी झाली की आजार तीव्र समजतात.

भागाकार आम्हांसही जमतो. अडचण आहे ती भागावयाच्या आकड्याची. ध्वनिलहर रक्तप्रवाहाच्या रेषेत धरली नाही तर वेग कमी नोंदला जातो. नाडी जलद असेल तर दाबातील फरक वाढलेला दिसतो. ठोके अनियमित असतील तर एका ठोक्यावर विसंबता येत नाही. किमान पाच ठोक्यांची सरासरी घ्यावी लागते. शिवाय झडपेचे तोंड पडद्यावर प्रत्यक्ष आखून पडताळणी करावयाची असते. सबब या तपासणीस वेळ लागतो, आणि घाई न करणारा अनुभवी तंत्रज्ञ हवा. रांग मोठी दिसते म्हणून तपासण्यांची संख्या वाढविण्याची सूचना आली होती. ती आम्ही नम्रपणे अमान्य करीत आहोत.

या आकड्यावर काय अवलंबून असते ते पाहा. रंकाळा स्टँडवर उतरून पेठेतील आपल्या रुग्णालयापर्यंत चालत येणारी राधानगरी किंवा गगनबावड्याकडील गरोदर भगिनी धाप लागल्याची तक्रार करते. घरी तिला सांगितलेले असते की दिवस गेल्यावर असे व्हायचेच. पण गरोदरपणात रक्ताचे प्रमाण सुमारे ४० ते ५० टक्क्यांनी वाढते, नाडी जलद होते आणि अरुंद झडपेला ते पेलत नाही. तिची झडप दोन चौरस सेंटिमीटरची आहे की एकची, यावर तिचे बाळंतपण कोठे व कोणाच्या देखरेखीखाली व्हावे हे ठरते. बलूनने झडप रुंद करण्याची पद्धत जपानचे कांजी इनोए यांनी १९८० च्या दशकात आणली. ती कोणाला लागू पडेल, झडप बदलावीच लागेल का, हेही इकोवरच ठरते. महात्मा ज्योतिराव फुले जन आरोग्य योजनेत या उपचारांचा समावेश आहे, मात्र मंजुरीच्या कागदपत्रांत इकोचा अहवाल लागतो.

आता पुन्हा पुन्हा तपासण्यांविषयी. तीव्र आजारात वर्षा-दोन वर्षांनी आणि सौम्य आजारात तीन ते पाच वर्षांनी मोजमाप करावे, असा संकेत आहे. धर्मादाय रुग्णालयांसाठी उच्च न्यायालयाने घालून दिलेल्या योजनेनुसार २००६ पासून एकूण देयकांच्या २ टक्के रक्कम निर्धन रुग्ण निधीत जाते. त्यातून उपचार होतात; परंतु एस.टी.चे भाडे आणि बुडालेली मजुरी त्यात बसत नाही. रुग्ण येईनासा होतो तो येथे.

त्याहून स्वस्त गोष्ट म्हणजे पेनिसिलिनचे इंजेक्शन. एकदा हा ताप येऊन गेलेल्यांनी तीन ते चार आठवड्यांनी ते घेत राहिल्यास ताप उलटण्याचा आणि झडप आणखी बिघडण्याचा धोका पुष्कळ घटतो. झडपेस इजा असेल तर दहा वर्षे किंवा वयाच्या चाळिशीपर्यंत, यांपैकी जे अधिक असेल तितका काळ ते घ्यावे लागते. यंत्रावर देणगीदाराच्या नावाची पाटी लावता येते, इंजेक्शनावर नाही. म्हणून या कामाला पैसे मिळविणे अवघड जाते, हे हिशेब पाहताना आम्हांस वारंवार जाणवते.

इंजेक्शनाची नोंदवही सांभाळणे, तारीख चुकलेल्यांना दूरध्वनी करणे आणि गरजूंना प्रवासभाडे देणे यांसाठी एक परिचारिका व स्वतंत्र निधी असावा, असा ठराव आजच्या विषयपत्रिकेवर आहे. कुटुंबीयांना एवढीच विनंती की, जुने इकोचे अहवाल टाकून देऊ नयेत, प्रत्येक भेटीत सोबत आणावेत. मागील आकडा समोर असल्याशिवाय नव्या आकड्याची तुलना डॉक्टरांना करता येत नाही.