गाण्याचा सातबारा



आजचा विषय ‘रॉक अँड रोल’ आहे, हे फलकावर वाचून काही वडीलधाऱ्या मंडळींच्या कपाळावर आठ्या पडल्या असतील. गागोदे बुद्रुक हे विनोबांचे जन्मगाव. ११ सप्टेंबर १८९५ रोजी विनायक भावे जेथे जन्मले, तेथे गीतेवर बोलावे, भूदानावर बोलावे. अमेरिकेतल्या या धांगडधिंग्याची येथे वर्णी कशाला? असे कोणी विचारले तर आम्ही त्याला अरसिक म्हणणार नाही. परंतु आम्हांला वाटते की, या विषयाला याहून योग्य गाव मिळणे कठीण. कारण रॉक अँड रोलचा इतिहास हा बराचसा मालकीचा इतिहास आहे. पिकवले कोणी आणि नाव कोणाचे लागले, हा त्यातला खरा प्रश्न. आपल्या कुलाबा जिल्ह्याने, म्हणजे आजच्या रायगडाने, खोत आणि कुळे यांचे तंटे पिढ्यान्‌पिढ्या पाहिले आहेत. त्याला हा प्रश्न वेगळा समजावून सांगावा लागणार नाही.

१८ एप्रिल १९५१ रोजी तेलंगणातल्या पोचमपल्लीस विनोबांना पहिले भूदान मिळाले. त्याच वर्षी अमेरिकेत क्लीव्हलंड शहरी अॅलन फ्रीड नावाचा गोरा निवेदक रात्रीच्या वेळी रेडिओवरून निग्रो गायकांच्या तबकड्या वाजवू लागला. (आज आपण ‘कृष्णवर्णीय’ म्हणतो, आणि तेच योग्य.) या तबकड्यांना तिकडचे व्यापारी १९४९ पर्यंत ‘रेस रेकॉर्ड्‌स’ म्हणत. म्हणजे माल वेगळा, दुकान वेगळे, गिऱ्हाईकही वेगळे. फ्रीडने या संगीताला ‘रॉक अँड रोल’ म्हणून घरोघर पोचवले.

हे संगीत होते तरी काय? चार मात्रांचे आवर्तन घ्या. आपण स्वाभाविकपणे पहिल्या मात्रेवर जोर देतो. येथे टाळी पडते दुसऱ्या आणि चौथ्या मात्रेवर, त्यामुळे अंग आपोआप हलू लागते. वर बारा आवर्तनांचा ‘ब्लूज’चा साचा असतो. मिसिसिपीच्या कापूसशेतीत राबणाऱ्या माणसांनी तो घडवला आणि त्यात चर्चमधल्या भजनांचा उत्साह मिसळला. शेतमजुराचे दुःख आणि देवळातला आनंद, या दोहोंचे हे लेकरू.

आता त्याचा सातबारा पाहू. आर्थर क्रूडप हा मिसिसिपीचा शेतमजूर. त्याने १९४६ साली ‘दॅट्‌स ऑल राइट’ हे गाणे ध्वनिमुद्रित केले. ५ जुलै १९५४ रोजी मेम्फिस येथे एकोणीस वर्षांच्या एल्व्हिस प्रेस्लीने तेच गाणे म्हटले, आणि त्याच्या भाग्याचे दार उघडले. क्रूडप मात्र १९७४ साली वारला तोपर्यंत आपल्या हक्काच्या पैशांची वाटच पाहत होता. चक बेरीचे ‘मेबेलीन’ १९५५ साली निघाले, तेव्हा त्याचे रचनाकार म्हणून बेरीच्या जोडीला आणखी दोन नावे लागली होती. त्यांतले एक नाव रेडिओवाल्या फ्रीडचे! गाणे वाजवणारा गाण्याचा हिस्सेदार झाला. ही नोंद दुरुस्त व्हायला १९८६ साल उजाडले. आंधळे दळते आणि कुत्रे पीठ खाते, ही म्हण काही आपल्याकडेच खरी ठरते असे नाही.

परंतु येथे सगळे काळे एका बाजूला आणि सगळे गोरे दुसऱ्या बाजूला, असे मांडणे सत्याला धरून होणार नाही. ‘हाउंड डॉग’ प्रथम गायिले बिग मामा थॉर्नटन या कृष्णवर्णीय गायिकेने. पण लिहिले दोन गोऱ्या तरुणांनी, लीबर आणि स्टोलर यांनी. प्रेस्लीचा गळाही खोटा नव्हता. त्याने ते संगीत मनापासून ऐकले होते. शिवाय या गाण्याने एक काम असे केले की जे कायद्यालाही जड जात होते. दक्षिणेकडच्या सभागृहांतून गोऱ्या-काळ्यांच्या मध्ये दोर बांधलेला असे. गाणे रंगात आले की पोरे दोर ओलांडून एकत्र नाचत. शाळांतली वर्णभेदाची विभागणी घटनाबाह्य ठरवणारा न्यायालयाचा निकाल १९५४ चा, माँटगोमेरीचा बसवरचा बहिष्कार १९५५ चा, आणि हे गाणेही त्याच दिवसांतले. गाण्याने क्रांती केली असे आम्ही म्हणत नाही. पण दोर सैल व्हायला त्याचाही हात लागला.

आता आपल्या घराकडे वळू. ही हवा मुंबईस फार पूर्वीच येऊ लागली होती. १९३५ साली लिऑन अॅबीचा कृष्णवर्णीय वाद्यवृंद ताजमहाल हॉटेलात वाजला. पुढे टेडी वेदरफोर्ड हा पियानोवादक आला. त्यांच्यापासून शिकले ते गोव्याचे वादक. तेथल्या चर्चच्या शाळांतून मुलांना स्वरलिपी आणि व्हायोलिन शिकवत. म्हणून कागदावरचे संगीत वाचू शकणारी माणसे मुंबईला गोव्यातूनच मिळाली. त्यांतला हळदोण्याचा आंतोनियो झेवियर वाझ ‘चिक चॉकलेट’ या नावाने ट्रंपेट वाजवी. सिनेमाच्या वाद्यवृंदात त्याची गाठ पडली पुणतांब्याच्या रामचंद्र नरहर चितळकरांशी, म्हणजे आपल्या सी. रामचंद्रांशी. १९५१ च्या ‘अलबेला’त चितळकरांची चाल, चिक चॉकलेटचे ट्रंपेट आणि भगवान पालव या गिरणीकामगाराच्या मुलाचा नाच एकत्र आले. ते अजून रॉक नव्हते. पण मराठी कान त्यासाठी तयार झाला होता.

मग १९५७ साली ‘आशा’ चित्रपटातून ‘ईना मीना डीका’ आले. अंगणात खेळणाऱ्या मुलांचे बडबडगीत कानी पडले, त्यावरून चाल सुचली, आणि त्यात ‘मला नको’ अशा अर्थाचे कोकणी शब्द घातले ते जॉन गोम्स या गोवेकर साहाय्यकाने, असे सांगतात. मिसिसिपीचा ठेका, मुलांचा खेळ, कोकणी बोली आणि पुणतांब्याचा संगीतकार! त्याच वर्षीच्या १ एप्रिलला, कृषकदिनी, मुंबई राज्यात कसणारे कूळ जमिनीचे मालक मानले गेले. गाण्याच्या कुळांना मात्र कोणताही कृषकदिन लाभला नाही. पडद्यावर संगीतकाराचे नाव झळके; ट्रंपेटवाला आणि स्वररचना कागदावर मांडून देणारा बहुधा अंधारातच राहत. भगवानदादांच्या नाचाची ढब पुढच्या नामांकित नटांनी उचलली, आणि २००२ साली दादा वारले ते दादरच्या चाळीतल्या खोलीत.

‘हे सारे थिल्लर!’ असा आक्षेप तेव्हाही होता. बाळकृष्ण केसकर १९५२ साली नभोवाणीमंत्री झाले आणि आकाशवाणीवरून सिनेसंगीत हद्दपार झाले. लोकांनी काटा फिरवून रेडिओ सिलोन लावले. अखेर ३ ऑक्टोबर १९५७ रोजी विविध भारती सुरू करावी लागली. केसकरांच्या शास्त्रीय संगीतावरच्या निष्ठेबद्दल आम्हांला आदर आहे. परंतु ज्यांनी ‘ईना मीना डीका’ केले, त्याच सी. रामचंद्रांनी ‘ऐ मेरे वतन के लोगों’ला चाल दिली, आणि २७ जानेवारी १९६३ रोजी ते गाणे ऐकून पंडित नेहरूंचे डोळे भरून आले. कोणता हात थिल्लर आणि कोणता गंभीर, हे वरवर पाहून कसे ठरवायचे?

मंडळी, सूर कोणाच्या बापाचा नसतो, हे आम्हांला मान्य आहे. तो एका गळ्यातून दुसऱ्या गळ्यात जाणारच; तसा गेला नसता तर आपल्याला चितळकर मिळाले नसते. परंतु सूर सर्वांचा असतो याचा अर्थ, ज्याने तो पिकवला त्याचे नाव खोडावे, असा नव्हे. विनोबांनी जमीनदाराला जमीन जाळायला सांगितले नाही. कसणाऱ्याला आपला सहावा मुलगा समजून त्याचा वाटा द्या, एवढेच मागितले. आपणही गाण्याच्या बाबतीत एवढेच करावे. आपल्याच वाड्यांतून बाल्यानाचाची, लग्नातली, भातलावणीची गाणी ज्या बायाबापड्यांच्या तोंडून ऐकता, त्यांची नावे आधी विचारून घ्या. उद्या ती गाणी कोणी उचलील, गाजवील, गाजवू दे. पण सातबाऱ्यावर कुळाचे नाव अगोदर लागलेले असू दे.