पुसलेलीं छायाचित्रें



नंदुरबार जिल्ह्यांतील अक्कलकुवा तालुक्यांत काठी या गांवीं होळीच्या रात्रीं सातपुड्याच्या दऱ्याखोऱ्यांतून हजारों माणसें जमतात. अंगावर पांढरी नक्षी काढून, डोक्यावर मोरपिसांचा टोप घालून बावा-बुध्या रात्रभर नाचतात, आणि उंच बांबूची ती होळी पहांटे पेटते. हा सोहळा टिपणारे हौशी छायाचित्रकार अलीकडे पुष्कळ झाले आहेत. उजाडल्यावर त्यांपैकीं एखाद्याचा अंगठा भलत्याच कळीवर पडतो आणि रात्रभराचीं चित्रें क्षणांत नाहींशीं होतात. होळी निदान पुढल्या वर्षीं पुन्हां येईल. परंतु याच जिल्ह्यांत नर्मदाकांठच्या घरांचीं व शेतांचीं चित्रेंही आहेत. सरदार सरोवराचें पाणी सप्टेंबर २०१९ मध्यें प्रथमच १३८.६८ मीटरच्या पूर्ण पातळीस पोहोंचलें. त्यापूर्वीं कोणी आपल्या बुडणाऱ्या अंगणाचें चित्र घेतलें असेल, तर तें दुसऱ्यानें घेतां यावयाचें नाहीं. तें पुसलें गेलें तर?

‘पुसलें’ हा शब्दच मोठा फसवा आहे. मेमरी कार्ड म्हणजे एक लहानसें ग्रंथालय समजा. कपाटांत पुस्तकें, दाराशीं त्यांची सूची. चित्र पुसण्याची आज्ञा होतांच यंत्र कपाटाकडे जातच नाहीं. सूचींतील नोंदीवर एक खूण करतें व ‘ही जागा रिकामी’ असें मानूं लागतें. पुस्तक जेथल्या तेथें असतें. मात्र नवें चित्र घेतलें कीं तें त्याच जागीं येऊन बसूं शकतें, आणि मग जुनें खरोखरच जातें. कार्ड चालतें कीं नाहीं हें पाहण्यासाठीं लोक नेमकें तेव्हांच आणखी दोन चित्रें घेतात! घात होतो तो तेथें.

म्हणून कार्ड तत्काळ बाहेर काढावें. मोठ्या कार्डाच्या कडेस लहानशी सरकपट्टी असते, ती बंद करावी. संगणकानें ‘फॉरमॅट करूं काय?’ असें विचारल्यास नकार द्यावा.

पुढील काम शोधक प्रणालीचें. ख्रिस्तोफ ग्रेनिए या फ्रेंच गृहस्थांची ‘फोटोरेक’ ही प्रणाली विनामूल्य मिळते. ती सूची वाचीत बसत नाहीं. जेपेग जातीच्या प्रत्येक चित्राचा आरंभ २५५, २१६, २५५ या तीन अंकांनीं होतो. ही खूण जेथें दिसेल तेथून ती चित्र उचलते. एखादें चित्र तुकड्यातुकड्यांनीं सांठविलेलें असल्यास वरचा भाग होळीचा व खालचा नुसता करडा, असेंही हातीं येतें. सांपडलेलीं चित्रें संगणकावर ठेवावीं, त्याच कार्डावर कदापि नव्हे.

कार्डच मोडलें असेल तर काम कुशल प्रयोगशाळेचें. खर्च भारी, खात्री नाहीं. फोनच्या अंगच्या स्मृतींतून पुसलेलें तर बहुधा परत येत नाहीं, कारण तेथील मजकूर कूटबद्ध असतो. तेथें आधीं ठेवलेली दुसरी प्रत शोधणें हाच मार्ग.

परत आलेल्या चित्रांचीं मूळ नांवें गेलेलीं असतात व क्रमही विसकटलेला असतो. परंतु कॅमेऱ्यानें चित्राच्या पोटांत तारीख व वेळ लिहून ठेविलेली असते. तिच्या आधारें ढोल आधीं कीं ज्वाळा आधीं, हें पुन्हां लावतां येतें. अर्थात् कॅमेऱ्याचें घड्याळ कोणीं बरोबर लावलें असेल तर.